सहा लिव्हरचं कुलूप

बँकेचा माणूस सकाळीच दुकानात आला.
म्हणाला, मैतीनकुंजू, हत्यारं घे, अकराची वेळ आहे.
पाचशे ठरले. दोनशे त्याने आधीच दिले
आणि पावतीवर सही घेतली.
बँक कशाचीही पावती घेते.

किळिकोल्लूरला रुळांपलीकडे
शेवटून दुसरं घर.
पुढे जीप, मागे माझी स्कूटर.
भिंतीवर नोटीस, खळीने इतकी पक्की डकवलेली
की अक्षरं उडाली तरी कागद हलला नव्हता.

आणि दाराला माझंच कुलूप.
सुदेवनने नेलं होतं, घरात राहायला जायच्या आदल्या दिवशी,
घासाघीस करून. वर विचारलं होतं,
"कुणाला उघडणार नाही ना?"
म्हटलं होतं, मलासुद्धा नाही.
धंद्यात बोलायची एक रीत असते.

पुढे त्याने टेंपोसाठी घर गहाण टाकलं.
टेंपो दोन वर्षं चालला, तो स्वतः त्याहून थोडा कमी.

पंकजाक्षी पायरीवर बसलेली.
बोटं काळी, काजूच्या टरफलातल्या तेलाची.
वीस वर्षं फोडतेय. ठसे कधीच गेले;
रेशनच्या दुकानातलं यंत्र तिला ओळखत नाही.
गहाणखतावर मात्र तोच अंगठा चालला होता.

कमिशनर वकील तरुण होता, घामेजलेला,
कागदात बघूनच बोलत होता.
म्हणाला, किल्ली द्या.
ती म्हणाली, विहिरीत आहे.
पोलीस विहिरीत डोकावला. खरंच डोकावला,
जणू ती काठावरच ठेवली असेल.

मग सगळे माझ्याकडे बघू लागले.

मी उकिडवा बसलो.
कुलपाच्या पोटात तार घातली.
पहिली पट्टी उचलली, दुसरी, तिसरी.
पाठीवर तिची नजर नव्हती;
ती रस्त्याकडे बघत होती.
मुलगी पहाटेच्या गाडीने एर्नाकुलमला गेली होती,
हायकोर्टात, एका ओळखीच्या वकिलाच्या ओळखीच्या वकिलाकडे.

चौथी. कमिशनरचा फोन वाजला.
तो आंब्याखाली गेला, परत आला,
मला म्हणाला, थांबा.

थकबाकीचे बारा हप्ते.
पहिला तीस तारखेच्या आत.
एक जरी चुकला तरी बँक मोकळी.
त्याने हे दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा जरा हळू.
पंकजाक्षीने एवढंच विचारलं,
"बारा म्हणजे पुढच्या ओणमपर्यंत?"
कुणी बोटांवर मोजलं. हो, तेवढंच.

जीप वळली. बँकेचा माणूस काच खाली करून म्हणाला,
काम झालं नाही, दोनशे परत कर.
पावती दाखवली.
दिले.

आता ती दारात उभी, घर कोर्टाने दिलेलं,
आणि किल्ली विहिरीच्या तळाशी.
म्हणाली, "उघडा ना."
तेच कुलूप, तीच तार.
पाचवीला हात थरथरला. मघाशी थरथरला नव्हता.
सहावी उचलली तेव्हा आतून
कालच्या भाताचा वास आला.

कुलूप दुकानात नेऊन नवी किल्ली कापली.
तिने मजुरी विचारली. मी म्हटलं, तीनशे साठ.
जरा विचार करून म्हणाली,
"बारा हप्ते करा."

तेव्हापासून महिन्याच्या अखेरीस
ती बँकेच्या वाटेवर दुकानाशी थांबते,
तीस रुपये ठेवते. नोटांना तेलाचा वास.
सातव्या महिन्यात अठ्ठावीस तारीख उलटली, आली नाही.
एकोणतीसला मी दुकान उशिरा बंद केलं.
तिसाला दुपारी आली, कारखान्यातून तशीच, धावत.
कानातलं काही दिसलं नाही.
म्हणाली, तुमचे पुढच्या महिन्यात, आधी बँकेचे.

म्हटलं, जा. मी काही हायकोर्टात जात नाही.

हसली की दम लागला होता, कळलं नाही.
बस आली होती.